ठेवलं ते ठेवलं

सोमवार, दि. ४ मार्च

तीर्थरूप दादास,

शिरसाष्टांग नमस्कार. हा रीत म्हणून लिहिला आहे, मनातून केलेला नाही. इकडे सर्व ठीक. वहिनीचा गुडघा कसा आहे? मी दिलेली पट्टी नुसती खुंटीला लटकवून ठेवू नको म्हणावं. तुझी तब्येत मी विचारणार नाही. दुसऱ्याच्या तोंडचा घास पळवणाऱ्यांच्या तब्येती ठणठणीतच असतात.

फोन उचलत नाहीस म्हणून पत्र लिहिते आहे.

काल ग्रंथालयाच्या मागच्या खोलीत तू जे केलंस त्याला मी सगळ्यांसमोर चोरी म्हणाले, आणि आजही म्हणते. अकरा वर्षं मी बुटके खेळते. अकरा! बेकरीवाल्याचे राक्षस, ग्रंथपालबाईंची भुतं, तुझे यक्ष आणि माझे बुटके, हे काय आज ठरलंय? पन्नाशीला टेकलेली माणसं टेबलावर मैदान मांडतात, बोटाएवढ्या बाहुल्यांचा फुटबॉल खेळतात आणि फासे टाकून एकमेकांच्या बाहुल्यांची हाडं मोडतात, म्हणून लोक आपल्याला हसतात. हसू देत. पण ते बुटके माझे आहेत. दिवसभर लोकांचे नकली दात करायचे आणि त्याच ब्रशने संध्याकाळी एकेका बुटक्याची दाढी रंगवायची, असं करत करत मी तो संघ उभा केला. ठेंगणे, जाडे, हट्टी. हलायला वेळ लावतात, पण एकदा उभे राहिले की कुणाच्या बापाला हटत नाहीत. तूच म्हणायचास ना, "टिल्ली, हे सगळे तुझ्यावर गेलेत"?

रिवाज मला शिकवू नकोस. हंगाम सुरू होताना संघांचे कागद टेबलावर मांडायचे. गेल्या वेळी जो शेवटचा आला त्याने पहिला संघ निवडायचा. निवडायचा म्हणजे आपली खूण त्या कागदावर ठेवायची, तुझं घड्याळातलं पितळी चाक, माझा प्लास्टरचा दात. संघासोबत बाहुल्यांचा डबाही जातो. आणि ठेवलं ते ठेवलं, पुन्हा उचलायचं नाही. हा शेवटचा नियम कोणाचा? तुझा. पहिल्या वर्षी मी तो दात पाच वेळा इकडून तिकडे केला, तेव्हा वैतागून तूच केलास. त्याचाच काल फायदा घेतलास.

गेल्या हंगामात तू शेवटचा आलास तेव्हाच माझ्या डोक्यात प्रकाश पडायला हवा होता. तू आणि शेवटचा? तुझे यक्ष म्हणजे नुसता वारा. चेंडू कधी कुठून कुठे गेला ते समोरच्याला कळायचं नाही. तेच यक्ष गेल्या वर्षी आपल्याच माणसाला आडवे येत होते. मी म्हटलं, वय झालं माझ्या भावाचं. कसलं वय! पहिली पाळी मिळावी म्हणून मुद्दाम हरलास.

आणि वर साळसूदपणा किती! ग्रंथपालबाईंनी यंदा कागद वाचवायला चित्रं काढून टाकली, अक्षरं मुंगीएवढी केली, सगळे कागद सारखेच दिसत होते. तरी तुझं चाक बरोबर माझ्याच कागदावर! बेकरीवाला ओरडला, "दादांचे बुटके!" तर तू हसून म्हणतोस, "हो, हो, या खेपेला बुटकेच. माणसाला बदल हवा." बदल हवा असेल तर घरातले पडदे बदल. बाकीच्यांनी आपापले संघ घेतले आणि मला काय उरलं? तुझे यक्ष. फुंकर मारली तर पडतील असले!

तुझा डबा कपाटावर ठेवला आहे. उघडलेला नाही, उघडणारही नाही. उत्तर दे. वहिनीला नमस्कार, तिला मात्र मनापासून.

तुझी (नाइलाजाने),
टिल्ली


शनिवार, दि. १६ मार्च

दादा,

नमस्कार-बिमस्कार काही नाही आज.

अक्षर मुद्दाम एवढं मोठं काढते आहे. जाड पेन आणायला बाजारात जाऊन आले. दोन ओळींत पान भरतंय, भरू दे. हे पत्र तू स्वतः वाचायचं आहेस, वहिनीकडून वाचून घ्यायचं नाही.

तुझं उत्तर मिळालं. "बुटके परत पाठवत आहे. यंदा खेळण्यात मन नाही. माझ्या जागी कोणी दुसरं बघा." चार ओळी, आणि अक्षर वहिनीचं. मी तिला फोन करून विचारलं. ती बिचारी म्हणाली, "अगं, त्यांचे हात तेलाने माखले होते, म्हणाले तूच लिही." दादा, घड्याळाला तेल किती लागतं ते मला ठाऊक नाही का? लहानपणी तुझ्या बाकाशेजारी बसून मी अभ्यास केला आहे. सुईच्या टोकावर मावेल एवढं! त्याने हात माखतात?

मग मी तिला दुकानाचं विचारलं. म्हणाली, तू सहा महिने झाले बायकांची छोटी घड्याळं घेत नाहीस, नुसती भिंतीवरची दुरुस्त करतोस, हल्ली लहान कामाचा कंटाळा येतो म्हणे. ज्या माणसाने वाटाण्याएवढ्या घड्याळात जीव ओतला त्याला लहान कामाचा कंटाळा! आणि तिनेही ते खरं मानलं. थापा मारायच्याच तर निदान बऱ्या मार.

तुझे यक्ष परत करायचे म्हणून मी डबा उघडला. मोजून, नीट गुंडाळून द्यावेत, एवढंच मनात होतं. वरती कागद होता. यंदाच्या हंगामाची यक्षांची यादी, जाड काळ्या पेनने, एकेक नाव तीन बोटं उंच. एक नाव नवं. म्हणजे त्या रविवारी तू यक्षच घ्यायला आला होतास. मुंगीएवढी अक्षरं तुला दिसली नाहीत, आणि चाक शेजारच्या कागदावर पडलं. ठेवलं ते ठेवलं! नियम तुझाच, म्हणून उचलताही येईना. आणि खरं सांगण्यापेक्षा तुला चोर म्हणवून घेणं सोपं वाटलं. चांगली अक्कल आहे!

कागदाखाली ते अकरा जण. दादा, मी रंगकाम ओळखते. तुझ्या हातच्या यक्षांना पापण्या होत्या. भिंगातून बघून मी हेवा केला आहे त्यांचा. त्यांच्या डोक्यांवर तू थापे मारलेस. लाल, पिवळा, निळा, नुसते थापे, कोण कोणता ते कळावं म्हणून. एकाच्या तर डोळ्यांवर ओघळ आलाय. मी तो डबा मांडीवर घेऊन किती वेळ बसले ते सांगत नाही. कामाचे दात भट्टीत करपले.

आता माझं ऐक. हे लिहायचं नव्हतं, पण तुझ्यावर एवढी आगपाखड करायची आणि स्वतः नामानिराळं राहायचं, हे बरं नव्हे.

मला ठाऊक होतं. आज नाही, गेल्या हंगामापासून. तू खेळताना विचारायचास, "हा कोण गं, पुढचा?" आणि मी दुसऱ्याच कुणाला तरी सांगितल्यासारखं मोठ्याने त्याचं नाव घ्यायचे. त्या रविवारी तुझं बोट कागदावरच्या ओळीखालून फिरत होतं आणि ओळ सुटत होती, ते मी पाहिलं. चाक पडलं, तुझा चेहरा उतरला, तेही पाहिलं. आणि मी चोर म्हणून ओरडले. मुद्दाम हरलास म्हणाले, माझा संघ पळवलास म्हणाले. कारण चोर भाऊ मला चालतो. लबाड, कपटी, कसलाही चालतो. डोळे जाणारा भाऊ मला चालत नाही. म्हणून पहिल्या पत्रात ती सगळी बोंबाबोंब. त्यातला एक शब्दही मला खरा वाटत नव्हता.

पण तुझी यातून सुटका नाही. संताप तर आता खरा आला आहे. तू मला सांगितलं नाहीस. वहिनीला सांगितलं नाहीस. एकटा त्या बाकावर बसून भिंतीवरची घड्याळं काय उघडतोस? आणि आता खेळच सोडणार? कोणाला विचारून?

तेव्हा दोन गोष्टी. गुरुवारी सकाळी दहा वाजता डोळ्यांच्या डॉक्टरांकडे तुझा नंबर लावला आहे. त्यांच्या आईची कवळी मीच केली आहे, त्यामुळे ते टाळणार नाहीत, तूही टाळायचं नाहीस. मी न्यायला येते. वहिनीला त्याआधी तू स्वतः सांग. गुरुवारपर्यंत सांगितलं नाहीस तर मी सांगेन, आणि मी कशी सांगते ते तुला माहीत आहे.

दुसरी गोष्ट, बुटके मी परत घेणार नाही. या पत्रासोबत पुन्हा पाठवते आहे. ठेवलं ते ठेवलं. त्यांच्या पायाखालच्या चकत्यांना मी दातांच्या यंत्राने खाचा पाडल्या आहेत. अंगठा फिरवून बघ. एक खाच म्हणजे पळणारा, दोन म्हणजे मारणारा, तीन म्हणजे अडवणारा. कप्तानाला खाच नाही, त्याच्या चकतीवर खरा पोर्सेलिनचा दात बसवला आहे, हाताला लागेल. खाचा पाडताना मी दिलेला रंग उडाला. अकरा वर्षांचा. त्याचं काही वाटून घ्यायचं नाही, मला वाटलेलं नाही.

यक्षांवरचे थापे मी पुसलेले नाहीत, पुसणारही नाही. तसेच खेळेन आणि तुला हरवेन. दया करणार नाही. तू "हा कोण गं?" विचारलंस तर नाव सांगेन, पण या खेपेला तुझ्याकडे बघून, तुलाच सांगेन.

चोर म्हणाले त्याची माफी मागायची आहे. ती पत्रातून मागणार नाही. सगळ्यांसमोर म्हणाले होते, सगळ्यांसमोरच मागेन, उद्याच्या रविवारी नाही, त्यापुढच्या, मागच्या खोलीत, तुझी खुर्ची भरलेली असेल तर. रिकाम्या खुर्चीची माफी मी मागत नसते.

वाट बघणारी,
तुझी टिल्ली