चौथ्यांदा उचललेलं पोतं

धायरी, पुणे
१४ नोव्हेंबर २०२५

अमीन,

सप्रेम नमस्कार. त्या दिवसापासून अंथरुणाला खिळलेला पोपट घुले वारला आणि त्याची मुलगी रविवारी तुझ्या दारात येणार आहे, म्हणून हे पत्र. एरवी एकोणीस वर्षांनी तुला लिहायची माझी हिंमत झाली नसती.

तू आणि अख्तरबानू बरे असाल. माझं डोळ्याचं ऑपरेशन झालं. निवृत्त झाले तरी लोक सत्काराला बोलावतात आणि दर वेळी आपला मार्केट यार्डातल्या हमालांवरचा माहितीपटच दाखवतात. ओझ्याखालचा पोपटचा चेहरा पडद्यावर आला की टाळ्या. मी जाते, शाल घेते, परत येते.

राजनंदिनी आज आली होती. तेव्हा सात वर्षांची होती, आता बँकेत आहे. चहा नको म्हणाली. आपल्या टीव्ही वाहिनीने तेव्हा केलेल्या चौकशीचा अहवाल तिने कुठून तरी मिळवलाय.

"यात लिहिलंय, कॅमेरामनच्या हट्टामुळे बाबांना पुन्हा पोतं उचलायला लावलं. मला त्या माणसाला एकदा बघायचंय."

"कशाला?"

"आईने आयुष्यभर दिलेले शिव्याशाप पोचवायला. तुम्ही निदान दवाखान्यात तरी आलात, मॅडम. पत्ता असेल ना तुमच्याकडे?"

मी दिला. वहीत बघून, नीट अक्षरात लिहून.

तर एक विनंती. ती आली की 'आता आठवत नाही' एवढंच म्हण. त्या अहवालानंतर तुला कुणी काम दिलं नाही, हे मला ठाऊक आहे. तरी मागते. अडुसष्ट वर्षांची झाले, मागे-पुढे कोणी नाही, आणि त्या एका माहितीपटाशिवाय माझ्याजवळ दाखवण्यासारखं काही नाही. पाया पडते, अमीन.

१५ नोव्हेंबर, दुपार

पत्र टाकलं नाही. टपालाने ते रविवारच्या आत पोचणार नव्हतं, आणि हे काल लिहितानाही मला माहीत होतं.

चौकशीत मी सांगितलं होतं, त्या दिवसाची टेप पुसून दुसऱ्या कामाला वापरली. ती माझ्या कपाटात होती. वर 'कोरी' अशी चिठ्ठी मीच चिकटवली होती. टाकून मात्र देववली नाही. आज सकाळी ओळखीच्या स्टुडिओत नेऊन ती पाहिली.

तू म्हणतोस, "ताई, तीनदा झालं. आता पोत्यात भुसा भरू. क्लोज-अप तर आहे."

मी म्हणते, "भुशाने मानेची शीर फुगत नाही. एवढा कळवळा येत असेल तर लग्नाचे व्हिडिओ काढ."

पोपट हसतो. "असू द्या सायेब. बाईंचं समाधान हुईस्तोवर हाय मी. पर पाय कापत्यात."

"कापू देत. तेच हवंय."

मग पोतं. मग तो आवाज. तू कॅमेरा तसाच सोडून धावत पुढे जातोस, त्याच्या पाठीखाली हात घालतोस. मी चित्रात कुठेच नाही. फक्त ऐकू येते: "शॉट मिळाला का?"

टाळ्या पडतात तो चेहरा याच शॉटमधला. संकलनाच्या वेळी, पोपट पडण्याआधीच्या क्षणाला तो शॉट मीच कापला.

हट्ट तुझा होता, असा जबाब मी दिला. तू गप्प राहिलास ते माझा मान राखून, असं मी मला सांगत आले. आज जुने कागद काढून बघितले. तुला कुणी बोलावलंच नव्हतं. तुला विचारायची गरज नाही, असंही मीच लिहून दिलं होतं.

राजनंदिनीला पाच वाजता बोलावलं आहे. हे पत्र तिच्याच हाती देईन, पाकीट न चिकटवता. कालचा भाग फाडलेला नाही. तिने तोही वाचावा.

उद्या ती आली तर दार उघड. तिच्या वडिलांच्या पाठीखाली कुणाचे हात होते, ते तिला तुझ्याकडून कळू दे.

तुझ्या नावावर जगलेली,
कुसुम

राजनंदिनी पोपट घुले यांच्या स्वाधीन केले:
मूळ टेप, एक.
माझा नवा जबाब, सहीसह, पाने तीन.
अमीन यांना लिहिलेलं पत्र, उघडं.

मिळाले. पत्र इथेच उभ्याने वाचले. अमीनकाकांकडे उद्यापर्यंत थांबत नाही, आत्ताच निघते.
– राजनंदिनी घुले, १५/११/२०२५, सायं. ५.४०