थोरल्या दप्तरीची खुर्ची

बाबूजी, खुर्ची नव्या इमारतीत आली. आधी हेच सांगते, कारण तुम्ही असता तर दारातच विचारलं असतं, मी चप्पल काढेपर्यंतही थांबला नसता. वेत उसवलेला आहे, एक हात ढिला आहे आणि मागचा पाय अजून त्याच चपट्या दगडावर टेकतो. दगडसुद्धा आणला.

शाळा सुटली की मी तुमच्या रेकॉर्ड रूममध्ये येऊन बसायची. लाल कापडात बांधलेल्या बस्त्यांच्या मधोमध ती रिकामी खुर्ची. तुम्ही सगळ्या ऑफिसला सांगून ठेवलं होतं की ही थोरल्या दप्तरीची. आपले पूर्वज माळव्यातून बैलगाड्या घेऊन आले, तेव्हा शेवटच्या गाडीत हा माणूस होता म्हणे. वैनगंगेला पूर होता. त्यानं स्वतःचं कपड्यांचं बोचकं पाण्यात सोडलं आणि कागदांचं डोक्यावर धरलं. राज्यं आली नि गेली, पण त्याचं दप्तर चालूच आहे आणि जिथं कुठं जुने कागद जपणारी माणसं आहेत, ती सगळी त्याच्याच हाताखाली. त्या दप्तरात धुळीचा कारकून वेगळा, वाळवीवर नजर ठेवणारा शिपाई वेगळा, छत गळलं तर जबाब देणारा अधिकारी वेगळा. घरी तव्यावर तांदळाचे चिले काढता काढता आई म्हणायची, तुमच्या त्या दप्तरात तेलाचा कोणी साहेब असेल तर त्यालाही कळवा, डबा खाली झाला. तुम्ही गंभीर चेहऱ्यानं तिला अर्ज लावायला सांगायचात आणि आपण तिघंही पोट धरून हसायचो.

हसण्यावारी न्यायचा नव्हता तो त्याचा नियम. मूळ कागद बाहेर न्यायचा असेल, तर मागणाऱ्यानं खुर्चीसमोर उभं राहायचं आणि कोणता कागद, कशासाठी, हे खोलीतल्या सगळ्यांना ऐकू जाईल असं सांगायचं. एवढंच. ज्याचं काम सरळ, तो सांगून मोकळा व्हायचा. ज्याला जमिनीच्या कागदावरून भावाचं नाव गायब करायचं असेल, तो मात्र पिशवीत काहीतरी शोधत बसायचा. तो घाम पुसत उद्या येतो म्हणायचा आणि तो उद्या काही उगवायचा नाही. एकदा मी सहज त्या खुर्चीत बसले. कधी आवाज न चढवणारे तुम्ही असे काही 'ऊठ' म्हणालात की मला रडूच आलं. संध्याकाळी धानाच्या बांध्यांमधून सायकलवर घरी जाताना मी रुसूनच विचारलं, त्याचं नाव तरी काय. तेव्हा तुम्ही सांगितलं की असा माणूस झालाच नाही, तुम्हीच त्याला तयार केला. मग नाव का नाही ठेवलं, हे मी विचारलं, त्याचं उत्तर मला जसंच्या तसं आठवतं.

"नाव कायले पाहिजे, बाई? नाव सांगतलं का लोक गाव इचारतेत, मंग जात इचारतेत, मंग ओळख काढतेत. बिननावाच्या मानसाची ओळख निंघत नाई."

तुमच्यानंतर मी अनुकंपावर त्याच खोलीत लागले. आता तिथली सगळ्यात जुनी मीच. यंदा ऑफिस नव्या इमारतीत जायचं ठरलं आणि आमच्या नव्या साहेबांनी, पोरसवदाच आहेत, बाहेरच्या जिल्ह्यातले, जुनं फर्निचर भंगारात काढायला सांगितलं. खुर्ची गेली की नियमही गेला, हे मला कोणी समजावून सांगायची गरज नव्हती. मी तडक केबिनमध्ये गेले, खुर्ची कोणाची आणि तिच्यासमोर काय बोलावं लागतं ते सांगितलं. साहेब म्हणाले, हे थोरले दप्तरी कोणत्या आदेशानं नेमले ते दाखवा. मला पुराची गोष्ट सांगता आली असती. आमचं निम्मं ऑफिस अजून ती खरी मानतं, खंडेनवमीला खुर्चीला झेंडूची माळ घालतं. पण साहेबांना मी स्वच्छ सांगितलं, असा माणूस झालाच नाही, माझ्या वडिलांनी बनवला, आणि तरी खुर्ची येणार. ते हसले. खुर्ची भंगाराच्या ढिगावर जायची ती गेलीच असती.

पण सामान हलायच्या आतच आमच्या भागातलं एक बडं प्रस्थ केबिनमध्ये येऊन बसलं. त्याला एका गावच्या बोडीचा मूळ नकाशा एका दिवसापुरता हवा होता. त्या लहानशा तळ्यावर अख्ख्या गावाचं धान पिकतं, आणि नकाशा गेला की तिथं प्लॉट पडायला वेळ लागत नाही. वरून फोनवर फोन. साहेबांचं तोंड एवढंसं झालं. नाही म्हणता येईना, हो म्हणवेना. त्यांनी दारात उभ्या असलेल्या माझ्याकडे पाहिलं आणि म्हणाले, द्यायला हरकत नाही, फक्त आमच्याकडे एक पद्धत आहे, मॅडम सांगतील.

मी त्याला खुर्चीसमोर नेलं. बाजाराचा दिवस, नकलांसाठी आलेले लोक भिंतीला टेकून बसलेले, त्यांत त्या गावचेही होते. काय बोलायचं ते मी समजावलं.

"कोनासमोर बोलू? इथं तं कोनीच नाई."

"दप्तरी बसले आहेत," मी म्हटलं. "बोला."

त्यानं खुर्चीकडे पाहिलं, लोकांकडे पाहिलं, मग मोबाईल कानाला लावला आणि रेंज नाही म्हणत बाहेर गेला. अजून त्याला रेंज सापडलेली नाही. सामान हललं त्या दिवशी टेम्पोत खुर्चीला दोरी साहेबांनी स्वतः बांधली.

हे मी ताठ मानेनं केलं, बाबूजी, आणि वेळ आली तर पुन्हा करेन. ही चिठ्ठी कुठं पाठवायची नाही, आवक-जावकमध्ये चढवायची नाही, डब्याच्या पिशवीत घडी करून ठेवते. एकच गोष्ट राहिली. खुर्चीत कोणी नाही हे मला सायकलवरच्या त्या संध्याकाळपासून ठाऊक आहे, साहेबांनाही मी तेच सांगितलं. पण दप्तरी बसले आहेत असं म्हटलं, तेव्हा मी खोटं बोलत नव्हते. तुम्ही गेल्यापासून रोज सकाळी कुलूप काढलं की मी थोडी दारातच थांबते, तुम्ही नीट बसेपर्यंत.