पट्टीत गुंडाळलेल्या बांगड्या

८ जानेवारी १९७४
मेट्रनबाईंनी चहाच्या वेळी सांगून टाकलं. मुंबईला साथीच्या रोगांच्या नर्सिंगचा कोर्स आहे, आपल्याकडून एकीलाच पाठवायचं. परत आली की साथीच्या वॉर्डाची इनचार्ज तीच. सगळ्या माझ्याकडे बघायला लागल्या. बघणारच. पटकी, घटसर्प, धनुर्वात... इतकी वर्षं त्या वॉर्डात कोण राबतंय? तिकडे ड्यूटी लागली की बाकीच्यांची डोकी दुखतात.

मग मे.बाई म्हणाल्या, "महादेवीचंही नाव आहे हं."

महादेवी! मैंदर्गीहून येऊन अजून वर्ष झालं नाही हिला. मीच हिला इंजेक्शनची सुई उकळायला शिकवली. चहा तसाच ठेवून उठले.

९ जाने.
म. कानडी बोलते, तेलुगू बोलते, पेशंट तिलाच हाक मारतात. "ती हसरी बाई कुटं गेली?" मी काय रडत फिरते?

त्यात नवीन लग्न. कोपरापर्यंत हिरव्या बांगड्या. ड्यूटीवर बांगड्या चालत नाहीत, तर ही वरून बँडेजची पट्टी गुंडाळून येते! म्हणे, "सासूबाईंनी सांगितलंय, वर्षभर हात मोकळा ठेवायचा न्हाय. पट्टीनं वाजत न्हाईत की, अक्का." अक्का म्हणते मला. अंगाचा नुसता तिळपापड होतो.

मे.बाईंच्या कानावर घातलं. पट्टीत जंतू राहतात, नियम म्हणजे नियम. बोलले ते खरंच आहे. पण सांगताना बरं वाटलं, तेही खरं.

११ जाने.
म. मोकळ्या हातांनी आली. मनगटावर वळ होते. चहाडी कोणी केली ते तिला कळलेलं असणार. तरी हसली. ही चिडत का नाही?

१४ जाने., संक्रांत
क्वार्टर्समध्ये हळदीकुंकू. मी दरवर्षीप्रमाणे ड्यूटी मागून घेतली. बाहेर गड्ड्याच्या जत्रेला निघालेल्यांचा गलका.

हे पटकीनं गेले तेव्हा मी विशीचीही नव्हते. अकलूजच्या घरात कोणी जवळ जाईना. मला पाण्याचा तांब्यासुद्धा आत नेऊ दिला नाही. नंतर मात्र बांगड्या फोडायला सगळ्या बायका जवळ आल्या. म्हणून हा वॉर्ड माझा. म.ला काय ठाऊक त्यातलं?

ती तिळगूळ घेऊन वॉर्डात आली. खाल्ला. नाही कसं म्हणणार.

१६ जाने.
धनुर्वाताची केस. मागावरचा कामगार, पायात खिळा गेलेला, वर शेण लावलेलं. अंधाऱ्या खोलीत ठेवलंय. जरा खुट्ट झालं की झटका येतो, पाठीची कमान होते, जबडा घट्ट. बायको नरसम्मा उशाशी बसून आहे, दोन्ही हातांत काचेच्या बांगड्या. ती त्याचा घाम पुसते, बांगड्या किणकिणतात आणि तो ताठ होतो.

डॉ. म्हणाले, बांगड्या काढायला सांगा. सांगितलं. ऐकेना. शेवटी मीच तिचा हात धरला. तिनं माझ्या मनगटाकडे बघितलं, मग कपाळाकडे. एकदम हात ओढून घेतला.

"तुमी हात लावू नका बाई. माजा मालक जिता हाय."

तिच्या त्या ओढण्यानंच बांगड्या वाजल्या आणि त्याला पुन्हा झटका आला. खोलीबाहेर येऊन उभी राहिले. मला कोणी मारलं असतं तरी इतकं लागलं नसतं.

१७ जाने.
डॉ.नी नरसम्माला बाहेर काढलं. तर तो डोळे दाराकडे लावून तडफडतो. पुन्हा आत घेतली. पुन्हा किणकिण.

दुपारी म. ड्यूटीवर आली. मला काही विचारलं नाही. पट्टीचा रोल घेऊन नरसम्माजवळ खाली बसली, हळू आवाजात तेलुगूत काहीतरी बोलली आणि मनगटापासून कोपरापर्यंत बांगड्यांवर पट्टी गुंडाळत गेली. दोन्ही हात. एकही बांगडी काढावी लागली नाही. नरसम्मानं हात हलवून बघितला. आवाज नाही. मग नवऱ्याच्या कपाळावर ठेवला.

त्याला झोप लागली.

मी दारात उभी. माझ्याच तक्रारीनं बंद झालेली पट्टी! नियम मला पाठ, युक्ती तिला सुचली. सुचणारच. हातात बांगड्या असल्या तर सुचणार ना.

१९ जाने.
राउंडला डॉ.नी नरसम्माचे हात बघितले आणि माझ्याकडे वळून म्हणाले, "वा सिस्टर! ही तुमची कल्पना? मेट्रनना सांगतो. धनुर्वाताचा पेशंट सांभाळावा तर तुम्ही." म. तिकडे भांडी उकळत होती, तिला ऐकू गेलं नाही.

मी थर्मामीटर झटकत राहिले. हो म्हटलं नाही. नाहीही म्हटलं नाही.

२६ जाने.
जबडा सुटला. चमच्यानं पेज घेतली. झेंडावंदनाचा बँड वाजला तरी झटका आला नाही. पेशंट वाचला. याचा आनंद मात्र निखळ आहे, त्यात म. कुठंही नाही.

३ फेब्रु.
डिस्चार्ज. नरसम्मानं व्हरांड्यात बसून पट्ट्या सोडल्या. हात पांढरेफटक पडले होते. बांगड्या वाजवून बघितल्या, खुदकन हसली. "एकबी फुटली न्हाय!"

म.च्या हातात तिनं हिरव्या बांगड्या भरल्या. मग पिशवीतून एक नवा टॉवेल काढून माझ्या हातात दिला, स्वतःच्या मागावरचा. "ह्यो तुमाला, बाई. तुमाला दुसरं काय द्यावं?"

अगदी मायेनं म्हणाली. त्यानंच जास्त लागलं.

४ फेब्रु.
मे.बाई म्हणाल्या, डॉक्टर सारखं तुझंच नाव घेतायत. बहुतेक तूच.

संध्याकाळी म. कपड्यांच्या कपाटापाशी भेटली. म्हणाली, "अक्का, मेट्रनबाईंनी मला विचारलं, पट्टीची युक्ती कुणाची. मी म्हटलं, अक्कांची."

"खोटं का बोललीस?"

"तुमाला जायचंय की मुंबईला. लई मनापासून. मला काय दिसत न्हाय व्हय?"

असा संताप आला! नवरा तिला, बांगड्या तिला, पेशंट तिचे. आता मोठेपणही तिलाच? भांडली असती तर मीही पदर खोचून भांडले असते. ही देऊन मोकळी झाली. आता मी जळायचं तरी कोणावर?

५ फेब्रु.
उद्या सकाळी मे.बाईंनी दोघींना एकत्र बोलावलंय. बोलले तर ती जाणार. गप्प बसले तर मी जाणार, आणि तिच्या उपकारावर.

ट्रंक काढली. टॉवेल आत ठेवला. बाहेर काढला. पुन्हा ठेवला.

मघाशी म. दारात येऊन गेली. "अक्का, मुंबईला लई उकडतंय म्हनं. सुती पातळं घ्या." मी तिच्या तोंडावर दार लावलं.

सुती पातळं दोनच आहेत. दोन्ही ट्रंकेवर काढून ठेवलीत. उद्या तोंड उघडणार की नाही, ते अजून ठरत नाही.