माकुलावरच्या खाचा

५ जानेवारी

ती. दादा,
शि. सा. न. वि. वि.

तुझं पत्र पोचलं. फेब्रुवारीच्या मध्यापर्यंत पुढच्या सफरीच्या करारावर सही करायची की रजा घेऊन घरी यायचं, हे तू माझ्यावर सोपवलंस. मला ते आवडलेलं नाही. बाबा अजून तुझं नाव घेत नाहीत. त्यांनी कारखान्यात लावून दिलेली नोकरी सोडून तू जहाजावर आचारी झालास, तेव्हापासून त्यांच्या लेखी तू 'भांडीवाला'. हवामानाच्या बातम्यांत समुद्राचं नाव निघालं की टीव्हीचा आवाज मात्र वाढतो.

म्हणून तू जपानी बंदरात शिकलेलं जाळीवर भाजलेलं माकुल (तुझ्या जहाजी भाषेत स्क्विड) त्यांना खाऊ घालायचं ठरवलं. सोया सॉस, मिरिन नावाची ती स्वयंपाकाची गोड दारू, आलं, लसूण, सगळं वजन करून घेतलं. मुरायला तू अर्धा तास लिहिला होतास. जास्त मुरलं तर जास्त चव, असा विचार करून मी रात्रभर ठेवलं. बाबांनी एक तुकडा बराच वेळ चघळला आणि ताटाच्या कडेला ठेवला. उरलेल्यातली एक पट्टी मी कामावरच्या प्रयोगशाळेत नेऊन रबर ताणायच्या यंत्रात धरली. आकडा कळवत नाही.

कुठे चुकलं ते लगेच लिही. हल्ली मला एका जागी बसवत नाही.

लोभ आहे तेवढा पुरे; वाढवलास तर ठेवू कुठे?
तुझी धाकटी

१४ जानेवारी

चि. मोजपट्टीस,
अनेक आशीर्वाद, न मोजता घे.

मी एकटाच का हसतोय ते बघायला खलाशी गोळा झाले. रबर तपासायची नोकरी करणाऱ्या बाईने घरी रबर रांधलं! अगं, सोया सॉस खारट. रात्रभरात तो सगळं पाणी ओढून घेतो आणि माकुलाचं चामडं होतं. आणि वरून आडव्यातिडव्या खाचा द्यायच्या, नाहीतर आचेवर त्याची वळकटी होते. घड्याळ दुसऱ्या खोलीत ठेव. कडा उचलल्या, खाचा फुलल्या, की उतरव.

थट्टा पुरे. इथला अधिकारी रोज सहीचं विचारतो. पुढची सफर लांबची आहे आणि बाबांचं वय तुला माहीत आहे. त्यांनी मला माफ करावं असं मी म्हणत नाही. माझ्याविषयी एकदा काहीतरी विचारलं, शिवी हासडून का होईना, तरी येतो. पण दारातून परत फिरायची माझ्यात हिंमत नाही.

तुला वहिनी नसल्यामुळे माझा सगळा लोभ तुझ्याच वाट्याला येतो, सांभाळून घे.
दादा

२४ जानेवारी

ती. दादा,
नमस्कार उभ्याउभ्याच. ओट्यावर कागद ठेवून लिहिते आहे, वास आला तर समजून घे.

आज पुन्हा माकुल आणलं. मी खाचा देत होते तेवढ्यात बाबा पाणी प्यायला आत आले आणि थबकले. ही काय करवत चालवलीस, दोन खाचांत सारखं अंतर नको का, म्हणाले. आयुष्यभर पोलाद कापलेला माणूस, त्यांना राहवणार कसं? सुरी माझ्या हातातून काढून घेतली. आडव्या खाचा सुरेख पडल्या. तिरक्या द्यायला गेले आणि माकुल हातातून निसटून थेट भांड्यांच्या बेसिनमध्ये. दोनदा. मी हसले नाही, याची नोंद घ्यावी.

मग ते तसेच उभे राहिले. हे असलं बुळबुळीत तो हलत्या जहाजावर कसं कापत असेल, म्हणाले. माझ्याकडे न बघता, माकुलाकडे बघत. 'तो' म्हणाले, दादा. भांडीवाला नाही.

मला माहीत नाही, आला की त्यालाच विचारा, असं मी म्हटलं. त्यांनी उरलेल्या तिरक्या खाचा पुऱ्या केल्या. मी गॅस पेटवला.

कडा उचलल्या, उतरवलं. किती वेळ लागला ते सांगता येत नाही, घड्याळ दुसऱ्या खोलीत होतं. याचा त्रास मला अजून होतोय. बाबा खारट आहे म्हणाले आणि पुन्हा वाढून घेतलं.

जेवण झाल्यावर त्यांनी धारेचा दगड शोधून काढला. घरातली लांब सुरी घासत बसले, अंगठ्यावर धार बघितली, सुरी कापडात गुंडाळून वरच्या फळीवर ठेवली. मी उगाचच कांदा चिरायला मागितली, तर वसकन अंगावर आले. कांद्याला तुझी आहे ना, हिला हात लावायचा नाही, तो आला की त्याला लागेल, म्हणाले.

सही करू नकोस. गाडीची वेळ कळव. लोभाचं काय ते समोरासमोर बघू.
तुझी धाकटी