नदीकाठची जुडी

चांदोरी,
११ फेब्रुवारी १९९७

ती. स्व. दादास,
सुवर्णाचा सा. न. वि. वि.

वहिनींच्या हाताचं प्लास्टर निघालं हे वाचून बरं वाटलं. इकडे मात्र ठीक नाही, म्हणून घाईने लिहिते आहे.

शनिवारी दुपारी मी हिरव्या मिरचीची चटणी वाटली. मळ्यातली कोथिंबीर सगळी मार्केटला गेली होती, पण ओट्यावर एक जुडी दिसली. सासूबाईंनी घरापुरती राखली असेल, असं समजून तीच घेतली. माझा शनिवारचा उपास आणि हे नाशिकला गेलेले, त्यामुळे जेवायला सासूबाई एकट्याच होत्या. दोन घासांतच त्यांचं तोंड पेटलं. ओठांवर, जिभेवर टरारून फोड आले, मग उलट्या सुरू झाल्या. शेजारची जीप करून निफाडला दवाखान्यात नेलं. जीव वाचला, पण घसा इतका सुजला आहे की शब्द फुटत नाही. पोटात काहीतरी विषारी गेलंय, काय ते कळलं तर बरं होईल, असं डॉक्टर म्हणाले.

दादा, लोक बोलू लागलेत. आमच्या चुलतसासूबाई, नवसाबाई, यांनी दवाखान्यातच विचारलं की सुनेने नेमकी आजच चटणी कशी खाल्ली नाही. अंगणवाडीच्या नोकरीवरून माझं आणि सासूबाईंचं गेल्या आठवड्यात वाजलं होतं, ते साऱ्या आळीला ठाऊक आहे.  आणि यांनीही फवारणीच्या औषधाचा डबा हलवून पाहिला, किती उरलंय ते. मी दारातच उभी होते.

आता माझाच माझ्यावर भरवसा राहिला नाही. त्या डब्याला लागलेला हात चुकून पाट्याला लागला असेल का? एकच आठवतं, निवडताना त्या जुडीला वास आला नव्हता. सर्दीमुळे असेल असं वाटलं. माझ्या बोटांचीही अजून आग होते, ती मिरचीची असावी. उरलेल्या काड्या कागदात दाबून पाठवते. लहानपणी तू गवत वाळवत बसायचास तेव्हा मी तुला हसायचे. आता तुझ्याशिवाय कोणाला विचारू?

वहिनींना नमस्कार. बहिणीवर लोभ आहेच, तो या दिवसांत जरा जास्त असू दे.

तुझी,
सुवर्णा

द्वारका, नाशिक,
१४ फेब्रुवारी १९९७

चि. सौ. सुवर्णास,
अ. आ.

पत्र सकाळी मिळालं आणि तास सोडून तसाच कॉलेजच्या प्रयोगशाळेत गेलो. आधी हे वाच: चटणीत औषध गेलेलं नाही. तुझ्या हातून काहीही चुकीचं पडलेलं नाही.

ती जुडी कोथिंबिरीची नव्हेच. पानं तशीच कातरलेली, पण देठ जाड, पोकळ आणि गुळगुळीत आहे. नशिबाने एका काडीला फूल होतं. कोथिंबिरीला पांढरे झुबके येतात. हे फूल पिवळं, तेल लावल्यासारखं चकाकणारं, मध्ये हिरवी बोंडी. आमच्या वनस्पतिशास्त्र विभागातल्या बाईंनाही दाखवलं, त्यांनीही जलधनिया हेच नाव सांगितलं. हे त्याचं हिंदी नाव. थंडीत नदी-तळ्याच्या ओल्या गाळात उगवतं. कच्चा रस लागला की कातडी भाजते, तोंडात आणि पोटात तर फारच. तुझ्या बोटांची आग त्याचीच.

निफाडच्या डॉक्टरांना फोन करून हे सांगितलं आहे. सासूबाईंना आज सकाळीच घरी सोडलंय, लक्षणं जुळतात आणि जखमा भरून येतील, असं ते म्हणाले. हे कुठे उगवलंय ते शोधा आणि हाताला पिशवी बांधूनच उपटा. गुरांच्या तोंडी जाऊ देऊ नका.

हे पत्र घरात सगळ्यांसमोर मोठ्याने वाच. उपास असताना दुसऱ्यासाठी चटणी वाटणाऱ्या बाईला कोणी तसं विचारावं, याचा मला फार राग आला आहे. तो मी इथेच गिळतो. परीक्षा संपल्या की आम्ही दोघं येतो.

तुझा पाठीराखा,
ललित

चांदोरी,
२० फेब्रुवारी १९९७

ती. स्व. दादास,
सा. न. वि. वि.

तुझं पत्र वाचताना माझा आवाज इतका कापत होता की शेवटी ते यांनीच वाचलं. नवसाबाईही तिथेच होत्या. जलधनियाचं वर्णन आल्यावर सासूबाईंनी स्वतःच्या छातीवर हात ठेवला आणि नदीकडे बोट केलं. मग खुणांनीच कळलं, धुक्यात वैरण आणताना गाळात आपोआप उगवलेली कोथिंबीर दिसली, म्हणून ती जुडी त्यांनीच खुडून आणली होती. बोलता येत नव्हतं आणि जुडीचा संशयही त्यांना आला नव्हता, म्हणून इतके दिवस कळलं नाही. आम्ही जाऊन पाहिलं, तर काठाला पिवळी फुलंच फुलं. सगळी उपटून खड्ड्यात पुरली.

पण दादा, मला सांगायचंय ते पत्र यायच्या आदल्या दिवसाचं. सासूबाईंना नुकतंच घरी आणलं होतं. नवसाबाईंनी पेज आणली, तर सासूबाई ओठच उघडीनात. मग त्यांनी माझ्याकडे बोट दाखवलं. मी पेज केली, पण वाटी पुढे करायचा धीर होईना. रडतच म्हटलं की चटणीत काय गेलं ते मलाच माहीत नाही, तुम्ही दुसऱ्या कोणाच्या हातचं घ्या. त्यांनी वाटी माझ्याकडून ओढून घेतली. तोंड भाजलेलं, डोळ्यांतून पाणी वाहतंय, तरी सगळी पेज प्यायल्या.

डबा हलवून पाहिला ते चुकलं, असं हे म्हणाले. मी त्यांना चहा करून दिला. नवसाबाई दोन दिवस फिरकल्या नाहीत, मग पापड लाटायला बोलवायला आल्या. मी जाणार आहे.

तुझे उपकार मानले तर तू चिडशील, म्हणून मानत नाही. वहिनींना घेऊन लवकर ये, वाट पाहते.

तुझी,
सुवर्णा

चांदोरी,
९ मार्च १९९७

चि. ललितभाऊ यांना साळूबाईचे लय लय आशीर्वाद.

मी सांगतेय आन् माझा लेक समाधान लिवतोय. सुवर्णा अंगणवाडीत गेलीय. आता रोज जाती, मीच जा म्हनले.

जीभ चालाया लागली. तिखट अजून चालत नाय. तुम्ही झाड वळखलं, तुमचे उपकार हायेत. गावातल्या बाया आता नदीचा पाला आधी हुंगत्यात, मंग खुडत्यात.

येक गोष्ट पोटात ठिवली तर तिचाबी फोड व्हईल, म्हनून सांगते. जीपमधी आग व्हत व्हती तवा माझ्याबी मनात आलं, पोरीनं काय घातलं का. आलं, ते खरं हाय. तेवढ्यात मला उलटी आली. भांडं बघत बसायच्या आधी तिनं दोन्ही हातांची वंजळ माझ्या तोंडाखाली धरली. लुगडं समदं भरलं, तरी हात काढला नाय. मी तिच्या तोंडाकडं बघत व्हते. माझ्यापरीस तीच जास्त भ्यालेली. तिथंच माझं मन निवळलं.

म्हनून तुमचा कागद मला लागला नाय, भाऊ. गावाला लागला. माझ्या लेकाला लागला. हितं समाधान थांबलाय. मी त्याला म्हनले, लिव, जसं सांगतेय तसंच लिव.

परीक्षा झाल्या की तुमच्या मंडळींना घिऊन या. आमच्यावर माया राहू द्या.

साळूबाई