विहीणबाईंचा रुसवा

पिनर, लंडन

तीर्थरूप वहिनींना सुप्रभाचा वाकून नमस्कार.

गुडघ्याचं ऑपरेशन नीट पार पडल्याचं अण्णांकडून कळलं, जीव भांड्यात पडला. आता थोडे दिवस घरच्यांना कामाला लावा आणि स्वयंपाकघरात डोकावू नका (डोकावणारच तुम्ही, पण डॉक्टर म्हणून सांगणं माझं काम). इकडे गंधारचं लग्न झालं. तुम्ही नव्हता ही चुटपुट लागून राहिली, कारण तुम्ही असता तर माझी अशी फजिती झालीच नसती.

तुमच्या मिहीरच्या लग्नात तुम्ही काय झकास रुसला होतात! मुलीकडचे हात जोडून उभे, आणि तुम्ही आपल्या खिडकीबाहेर बघताय. तेव्हाच मी ठरवलं, गंधारच्या लग्नात वरमाय म्हणून आपणही एकदा मनसोक्त रुसायचं. (जन्मभर हॉस्पिटलात दुसऱ्यांचे रुसवे काढले, माझा कोणी काढला?) पण सून एलिना पडली फिनलंडची. तिच्याकडची माणसं इतकी अबोल, की मी तोंड फुगवून बसले असते तर बाई सुखात आहे असं समजून त्यांनी मला एकटं सोडलं असतं. म्हणून मी विहीणबाईंना, म्हणजे हिल्काला, आधीच सगळं समजावलं: मी रुसणार, तू मला मनवायचं.

ही हिल्का नटी आहे. दचकू नका, नायिका नव्हे. हेलसिंकीच्या नाटकांत आणि सिनेमांत ती चाळीस वर्षं दुय्यम भूमिका करते आहे. मोलकरीण, शेजारीण, पोस्टातली बाई, नायकाची मावशी. एका सिनेमात तर नुसता तिचा हात दिसतो, दार उघडताना (फार सुंदर उघडते हो दार, मी मागे नेऊन पुन्हा पाहिलं). इथल्या एका मालिकेतही होती, रशियन हेराची आई; पहिल्या जाहिरातीआधीच मेली. फिनलंडात म्हणे लोक तिला रस्त्यात थांबवून विचारतात, आपण एका शाळेत होतो का? हे सांगून ती स्वतःच खळखळून हसते. तर मला मनवण्याचं काम तिने फार मनावर घेतलं. वरमाय का रुसली आहे, हा तिचा पहिला प्रश्न. मी म्हटलं, कारण लागत नाही. ते तिला पटेना. शेवटी जिलबी गार होती असं ठरलं. मग आमच्या बैठकीच्या खोलीत तालमी. मी रुसायचे, ती मागून येऊन खांद्यावर हात ठेवायची, आणि मला दर वेळी हसू फुटायचं. ती मात्र गंभीर. तिच्या धंद्यातला एक नियमही तिने मला बजावला: मुख्य नटी वेळेवर आली नाही, तर जवळ असेल त्याने प्रसंग सावरून न्यायचा.

आणि ऐन लग्नात मी वेळेवर आलेच नाही! हाउन्सलोहून निघालेली केटररची व्हॅन ट्रॅफिकमध्ये अडकली, आणि मी पैठणीचा पदर खोचून कार पार्कमध्ये फोनवर भांडत उभी. आत आमच्या मंडळाच्या शिल्पाने (माइक दिसला की तिला राहवत नाही) जाहीर करून टाकलं, की आता वरमाय रुसणार. रुसण्यासाठी मांडलेली माझी खुर्ची रिकामी. हिल्काने इकडेतिकडे पाहिलं, आणि शांतपणे जाऊन बसली.

मी आत येते तो सगळा हॉल खुर्चीभोवती. तिने नुसती मान वळवली होती हो! एक शब्द नाही, डोळ्यांत टिपूस नाही, पण ईलिंगच्या हॉस्पिटलातले दोन बडे कन्सल्टंट डॉक्टर तिला लग्नपत्रिकेने वारा घालत होते. आमचं लग्न झाल्यापासून ‘चहा आहे का’ यापलीकडे माझी विचारपूस न केलेला गिरीश गुडघे टेकून तिची आर्जवं करत होता. गंधार धावत माझ्याकडे आला. “आई, तू प्लीज सॉरी म्हण ना, शी इज रिअली अपसेट! जिलबी थंड होता म्हणे!” (जिलबी अजून व्हॅनमधून उतरायची होती.)

माझ्या हौसेवर पाणी पडलं, वहिनी. चांगले चार शब्द सुनावायला म्हणून तणतणत पुढे गेले आणि वाकून तिच्या कानात म्हटलं, मी आले आहे, ऊठ आता. ती माझ्याकडे न बघता हळूच म्हणाली, अजून थोडा वेळ बसू का? नाटका-सिनेमांत आयुष्यभर मी दुसऱ्यांचीच समजूत काढत आले, माझी काढायला कधी कोणी आलं नव्हतं. माझा राग कुठल्या कुठे गेला. खरं सांगते, भरून आलं. मग मी तिथेच तिच्या पायाशी बसले आणि जिलबी आल्यावर माझ्या हाताने तिला भरवली. ती बराच वेळ उठली नाही. मीही घाई केली नाही.

अण्णांना नमस्कार, मिहीरला आशीर्वाद.

तुमची, रुसायची राहून गेलेली
सुप्रभा

ता. क. जानेवारीत पुण्याला रिसेप्शन ठेवलं आहे. खरं तर पत्र त्यासाठीच. तिथे मला रुसायचं आहे. मनवायला चांगल्या दहा बायका जमवा, आणि तेवढ्या वेळापुरतं हिल्काला कोणाबरोबर तरी साड्या बघायला पाठवा.

आणखी एक ता. क. पाकीट चिकटवणार तोच हिल्काचा फोन. पुण्यात मी कुठे उभी राहू, विचारत होती. मागे उभं राहायची सवय आहे, कोणाला अडचण होणार नाही, असंही म्हणाली. माझ्या तोंडून निघून गेलं, उभी नाही, खुर्चीत बसायचं. तेव्हा साड्यांचं रद्द करा. आणि बायका दहा नकोत, वीस बोलवा.