मागच्या दोन खोल्यांचं मीटर

हो वकीलसाहेब, डोकं ठिकाणावर आहे माह्यं. सकाळीच शेजारच्या पार्वतीबाईले चार शब्द ऐकवून आली, अन् चारही बरोबर लागले. आणखी काय पुरावा पाहिजे?

मी, रंभाबाई मनोहरराव बोंद्रे, वय बाहत्तर, गावच्या शाळेत सातवी पास, राहणार हिंगणा रोड, नागपूर, कोणाच्या दबावाशिवाय हे मृत्युपत्र स्वतःच्या हातानं लिहून राहिली. तुम्ही टाईप केलं असतं तर माहे टोमणे गाळले असते.

१. पुढचं घर माही पोरगी दीपमाला हिले. जावयाचं नाव टाकलं नाही. माणूस चांगला आहे, पण लग्नात स्कूटरसाठी रुसला होता, ते मी विसरली नाही.

२. वरवंटा पार्वतीबाईले. पाटा बारा वर्षांपासून तिच्याकडेच आहे, "उद्या आणून देते" म्हणून नेला होता. जोडी तरी लागन.

३. मोटरवाली शिलाई मशीन रितिकाले. ही माहे दीर भैयाजी यांची सून, मागच्या दोन खोल्यांत राहते. पण मोटर चालाले लाइट पाहिजे, अन् मागं मीटर नाही. शेजाऱ्याकडून ओढलेल्या वायरवर एक बल्ब अन् एक पंखा. मे महिन्यात भैयाजी ओला पंचा डोक्यावर घेऊन बसतात. मोबाईल चार्जिंगले रितिका माह्या वट्यावर येते.

मी म्हणते, "काय वं, माहेरी आल्यासारखी रोज येतं?"

ती म्हणते, "मोठ्या सासूबाई, मीटर येऊ द्या, मग बोलावलं तरी नाही येणार."

४. मीटर काहून नाही, ते लिहिणं भाग आहे. सासऱ्यांच्या प्लॉटवरून दोघा भावांचा दावा चौदा वर्षांपासून कोर्टात आहे. नऊ वर्षांपूर्वी भैयाजींनी मीटरचा अर्ज केला. बिजली ऑफिसात कोणीतरी लिहून दिलं, "जागा वादात आहे, मीटर देऊ नये." फाईल तिथंच थांबली. भैयाजी समजले, हे भावाचंच काम. बोलणं तुटलं. मनोहरराव गेले तेव्हा भैयाजी मागच्या दारात उभे राहून पाहत राहिले. खांदा द्याले आले नाहीत.

५. लोखंडी पेटीत तेवीस वर्षांची लाइट बिलं आहेत. ज्याच्या नावाचं बिल त्याची जागा, असं मी जन्मभर समजली. दागिन्यांपेक्षा जास्त जपली. या एप्रिलमध्ये पेटी घेऊन बिजली ऑफिसात गेली, तर तिथला पोरगा हसून म्हणे, "आजी, बिलानं फक्त वीज जाळली हे कळते. मालकी नाही ठरत." मी पेटी तशीच ऑटोत घालून घरी आणली. जाळा ती बिलं.

६. मागच्या जागेवरचा माहा हक्क मी सोडला. ती भैयाजींची. दीपमालानं दावा पुढं चालवू नये, चालवला तर मी स्वप्नात येईन अन् चहात साखर कमी आहे म्हणून बोलत राहीन. मीटरसाठी ना-हरकत आजच सही करून रितिकाच्या हातात दिली. माह्या मराची वाट पाहू नका, मी अजून दहा वर्षं काढू शकते.

७. माह्या तिरडीले पहिला खांदा भैयाजींनी द्यावा. भावाचा राहिला, तो वहिनीले द्या.

सही: रंभाबाई मनोहरराव बोंद्रे
साक्षीदार: इंदूबाई धोटे, प्रशिक मेश्राम
नागपूर, १८ मे २०२५

साक्षीदार चहा पिऊन गेले. त्यांच्यासमोर हात चालला नाही, म्हणून खाली लिहून राहिली.

भैयाजी, "मीटर देऊ नये" हा अर्ज तुमच्या भावानं नाही दिला. त्यांनी तर तुमच्या मीटरसाठी ना-हरकत लिहून माह्या हातात दिली होती, "भैयाजीले नेऊन दे" म्हणून. तुमच्या नावाचं बिल आलं तर जागा जाईन, या भीतीनं मी ती चुलीत घातली अन् ऑफिसात अर्ज दिला. मीच.